मधली जागा रिकामी होती

आमच्या गावात एखादी बाई मेली की तिला शेवटची आंघोळ घालायला मला बोलावतात. कितीतरी बायांना घातली. एकही उठून बसली नाही, एकीनंही नंतर येऊन त्रास दिला नाही. आमचं धानाचं खळं स्मशानाला लागून आहे. तिथं मी एकटी राखणीला झोपलेली आहे. डास चावले, दुसरं काही झालं नाही. या ग्रुपवरच्या निम्म्या गोष्टी मला थापा वाटतात, हेही सांगून टाकते. नात वाचून दाखवते म्हणून ऐकते. मी चौथीपर्यंत शिकले. हे मी कागदावर लिहिलं, तिनं मोबाईलवर टाकलं.

पण मोहफुलाच्या दिवसांत माझ्यासोबत जे झालं ती थाप नाही. त्या दिवशी माझ्या पोराच्या हातून माणूस मेला असता. का मेला नाही, ते मला कळलेलं नाही.

माझा पोरगा दिलीप चंद्रपूरला राहतो आणि ॲपवर गाडी चालवतो. मोबाईलवर बुकिंग येतं, माणसं बसतात, हा सोडून येतो. मी राहते चामोर्शीकडे, गावात. माझं उजव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन चंद्रपूरला झालं. दुसऱ्या दिवशी दिलीप मला घरी सोडायला निघाला. उजव्या डोळ्यावर पट्टी. डाव्यात आधीच दूध सांडल्यासारखं दिसतं, त्याचं ऑपरेशन अजून व्हायचं आहे. डॉक्टरनं बजावून सांगितलं होतं — वाकायचं नाही, मान झटक्यात फिरवायची नाही, वजन उचलायचं नाही. मी पुढच्या सीटवर खांबासारखी ताठ बसले.

रिकामी गाडी एवढ्या दूर कशाला न्यायची, म्हणून दिलीपनं ॲप चालू ठेवलं. बाबूपेठेतून बुकिंग आलं, थेट मार्कंड्याचं, नदीकाठच्या देवस्थानाचं. आमच्याच वाटेवरचं. मला बरं वाटलं.

गाडी थांबली. मागचे दोन्ही दरवाजे उघडले. एक माणूस इकडून बसला, एक तिकडून. एकजण म्हणाला, "सरक जरा. मधी जागा ठेव."

दिलीप म्हणाला, "भाऊ, ती बॅग डिक्कीत टाकू का?"

"नाई भाऊ. मांडीवरच राहू द्या."

"काऊन, सोनं हाये का त्यात?" दिलीप हसला.

मागून कोणी हसलं नाही. "सामान हाये," एवढंच उत्तर आलं. ज्याच्या मांडीवर बॅग होती तो तर एक शब्द बोलला नाही. दिलीपनं नाव विचारलं, तरी नाही. त्याच्या बदल्यात दुसराच बोलला, "तो माया मोठा भाऊ हाये. त्याच्याशी नका बोलू."

आता दिलीपच्या डोक्यात काय चाललं होतं ते सांगते. हे मला नंतर कळलं, पण इथंच सांगितलेलं बरं. काही महिन्यांआधी त्याच्या ओळखीच्या एका ड्रायव्हरला पॅसेंजरनीच लुटलं होतं. एक त्याच्या मागं बसला, एक तिरपा. जंगलात थांबवायला लावलं, गळ्याला दोरी लावली आणि गाडी घेऊन गेले. जीव वाचला, पण आवाज गेला त्याचा. त्यानंतर दिलीपनं कुठून तरी देशी कट्टा, म्हणजे गावठी पिस्तूल आणलं. बायकोला सांगितलं नाही, मला सांगितलं नाही. गाडीत लपवून फिरत होता. आणि आता हे दोघं मधली जागा सोडून दोन बाजूंना बसलेले, एकाच्या पोटाशी काळी बॅग, तोंडातून शब्द नाही.

गाडी गावाबाहेर पडली. थोड्या वेळानं मागचा बोलणारा हळूच म्हणाला, "लोहारा गेलं बरं."

मग, "जंगल लागलं."

मग, "चिचपल्ली आली."

दिलीपला वाटलं, कानात यंत्र घालून पुढं कुणाला तरी गाडी कुठं पोचली ते सांगतोय. मला तसं काही वाटलं नाही. मला वाटलं, मधे बसलेल्या त्याच्या मायला सांगतोय. कारण तोवर ती माझ्याशी बोलायला लागली होती.

माझ्या कानाजवळ, दोन सीटांच्या मधून आवाज आला, "बाई, डोळ्याचं आपरेशन केलं का?"

माझ्याच वयाच्या बाईचा आवाज. जरासा बसका. मी मान न फिरवता म्हटलं, "हो, कालच केलं."

"मले बी करायचं होतं. पोरं म्हणे पुढच्या साली करू."

"पोरं असंच म्हणतात," मी म्हटलं.

ती हसली. मग म्हणाली, "खर्रा हाये का थोडासा?"

खर्रा, म्हणजे घोटलेली तंबाखू-सुपारी, मला डॉक्टरनं बंद करायला सांगितला होता, पण पुडी कमरेला होतीच. मी खांद्यावरून हात मागं केला. तिनं पुडी घेतली. बोटं लागली मला. खरखरीत, भेगा पडलेली. मोह वेचून वेचून होतात तशी.

दिलीप एकदम म्हणाला, "माय, कोणासंग बोलतेस?"

"मागच्या बाईसंग."

ऑपरेशनमुळं माय बरळतेय, असं त्याला वाटलं. त्याचं लक्ष आरशात होतं.

अजयपूरच्या पुढं गेलो असू. बाईचा आवाज आला, पण आता हसण्यातला नव्हता.

"बाई, तुमच्या पोराच्या सीटखाली हात घाला. तुमच्या बाजूनं. पंच्यात गुंडाळून हाये, ते काढून घ्या."

"काय हाये?"

"काढा आधी. घाट यायच्या आधी काढा."

"मले वाकायचं नाई. डॉक्टरनं सांगितलं."

"वाका बाई. डोळा मंग पाहू."

मला कोणी हुकूम सोडलेला आवडत नाही. नवऱ्याचाही ऐकला नाही. पण तिचा आवाज असा होता की मी पट्टा सैल केला, "चप्पल पडली" म्हटलं आणि वाकले. दिलीप खेकसला, "माय, वाकू नको ना!" — पण समोर ट्रक होता, हात त्याचे स्टेअरिंगवर. माझा हात सीटखाली गेला. कपडा लागला. आत लोखंड. नळी... मूठ... घोडा.

आमच्या गावात पूर्वी शिकारीच्या भरमार बंदुका होत्या. लोखंड कशाचं आहे ते मला डोळ्यांनी बघायची गरज नाही. काढलं आणि पदराखाली, मांड्यांच्या मधे धरून बसले. डोळ्यात कळ आली. पोरगा माझा, आणि हे घेऊन फिरतोय! वैनगंगा ओलांडली की आमच्या जिल्ह्यात नाक्यानाक्यावर पोलीस गाडी तपासतात. तिथं हे सापडलं तर त्याला कोण सोडवणार होतं? दोन थोबाडीत द्याव्या असं वाटलं. पण परक्या माणसांपुढं काय बोलणार.

"पूल येऊन राह्यला. अंधारीचा," मागचा पोरगा म्हणाला. मग जरा जोरात, "भाऊ, पुढं घाटात मोठ्या मोहाजवळ गाडी थांबवा जरा."

दिलीपचा आवाज बदलला. "कायले?"

"काम हाये."

"जंगलात काय काम?"

"दोनच मिनिट, भाऊ."

दिलीपनं थांबवण्याऐवजी गाडी पळवली. एवढ्या जोरात की मी दरवाजा धरला. मागचा ओरडला, "अरे, गेलं ना झाड! थांबवा!" आणि जो मुका बसलेला होता, त्यानं दिलीपच्या सीटवर मागून धाडधाड हात मारले. दिलीपनं कचकन ब्रेक दाबला. गाडी आडवी होऊन थांबली.

मागं बॅगेची चेन उघडल्याचा आवाज आला.

दिलीपचा हात खाली गेला. मला दिसत नव्हतं, पण ऐकू येत होतं. नखं मॅटवर फिरत होती. इकडं, तिकडं, आत. श्वास कुत्र्यासारखा चाललेला. तो घोगऱ्या आवाजात म्हणाला, "माय, दरवाजा उघड अन् पळ."

"कुठी पळू? मले दिसते का?"

"पळ म्हनतो ना!"

मी पदराखालचं आणखी घट्ट धरलं. लुटणारे असतील तर मी माझ्या पोराचं हत्यारच काढून घेतलं होतं, हे मला त्याच वेळी कळलं. पोराला मी मारते की वाचवते... सांगता येत नव्हतं. पण हात सुटला नाही.

दोघंही उतरले. पावलं रस्त्यावरून मागं गेली. झाडाकडं.

आणि मग तो बोलणारा मोठ्यानं ओरडला, जंगलाकडं तोंड करून, "माय वं...! चाल! आम्ही चाललो मार्कंड्याले! चाल संगं!"

दिलीपची नखं मॅटवर थांबली. आरशातून त्याला दिसत होतं. मोठ्या भावाच्या हातात बॅगेतून काढलेला, लाल कपड्यानं तोंड बांधलेला तांब्या होता. अस्थी होत्या त्या.

आता मला सगळं समजलं. आमच्याकडं अस्थी घेतलेला माणूस त्या नदीत शिरवेपर्यंत कुणाशी बोलत नाही. अस्थी खाली ठेवत नाही. जिवाला वाट कळावी म्हणून गाव आलं, पूल आला, सांगत जातात. मेलेल्याला बसायला जागाही ठेवतात. मला हे ठाऊक होतं, पण कोणी सांगितल्याशिवाय डोक्यात कसं येणार? गाडीवाले अस्थी पाहून नाही म्हणतात, म्हणून त्यांनी बॅगेत लपवल्या होत्या. दिलीपनं कट्टा लपवला होता. दोघांनीही भीतीनंच.

एवढं समजलं, पण एक समजलं नाही. ते परत आले तेव्हा मी काच खाली करून विचारलं, "कोणाले हाक मारता?"

"मायले. इथीच गेली ती. मोह वेचायला माहेरी आली होती, वाघानं नेलं." तो रडत होता. "जीव इथी राहू नये म्हनून..."

"तिले काय हाका मारता? ती तर बाबूपेठेपासून मधीच बसली हाये. माया खर्रा खाल्ला तिनं."

माकडं ओरडत होती तेवढी.

मग धाकटा म्हणाला, "बाई, मधी कोणी नाई. जागा रिकामी हाये. तुम्ही पुडी मागं केली तवा मले वाटलं मलेच देता. मी हात केला तर पुडी नव्हती."

गाडीत शोधली. पायाखाली, सीटच्या फटीत. नाही सापडली. त्यानंतर बाईचा आवाज आला नाही. मी दोनदा हळूच विचारलं, "बाई, हाये का?" — उत्तर नाही.

मूल गाव मागं पडल्यावर दिलीप पुटपुटला, "माय, सीटखाली..."

"मायाजवळ हाये."

"तुले कोणी सांगितलं?"

"मागच्या बाईनं."

त्यानं आरशात पाहिलं आणि नंतर बराच वेळ पाहिलं नाही.

वैनगंगेच्या पुलावर मी गाडी थांबवायला लावली. पोरं मागं बसून होती. मी उतरले, कठडा हातानं चाचपला. दिलीप कानाशी म्हणाला, "माय, लई मुश्किलीनं भेटला तो. अन् उद्या खरंच कोणी दोरी टाकली मंग?"

"मंग मरशील," मी म्हटलं. "पन आज तू मारणार होता. त्या दोघाईपैकी कोणाले मारणार होता, सांग?"

मी ते पंच्यासकट खाली टाकून दिलं. नदीत त्या दिवसांत पाणी कमी, रेतीच जास्त. मी विचारलं, "पाण्यात गेला का रेतीत?"

"पाण्यात."

डुबुक आवाज मीही ऐकला, म्हणून विश्वास ठेवला. पुढं नाक्यावर पोलिसांनी गाडी थांबवली, बॅग उघडायला लावली, तांब्या पाहून हात जोडले आणि जाऊ दिलं.

मार्कंड्याला पोरं नदीवर गेली. मी गाडीत बसून होते. परत आली तेव्हा मोठा भाऊ माझ्या खिडकीशी आला. अस्थी शिरवून झाल्या होत्या, आता तो बोलू शकत होता.

"बाई, माय आमच्यासाठी काई बोलली का?"

मला गोड खोटं बोलता येत नाही. "नाई," मी म्हटलं. "डोळ्याचं बोलली. अन् सीटखालचं काढून घ्या म्हने, घाट यायच्या आधी."

"काय होतं सीटखाली?"

ते सांगायचं काम माझं नव्हतं. दिलीप गाडीला टेकून उभा होता. तोच म्हणाला, "कट्टा होता, भाऊ. तुमच्यावरच काढत होतो."

मला वाटलं, आता मारामारी होणार. मोठ्या भावाच्या ओल्या धोतरातून पाणी गळत होतं. मग तो धाकट्याला म्हणाला, "म्हंजे मायच होती."

दिलीप आता बिनाकट्ट्याची गाडी चालवतो. मला काळजी वाटते, नाही म्हणत नाही. डॉक्टरला मी सगळं सांगितलं. ते म्हणाले, ऑपरेशननंतर घाबरून, औषधानं, म्हाताऱ्या माणसाला आवाज ऐकू येतात. येत असतील. ऐकला मी आवाज, मान्य. पण सीटखाली माझ्या बाजूनं, पंच्यात गुंडाळून... हे दिलीपशिवाय जगात कुणालाच ठाऊक नव्हतं. ते माझ्या कानाला कुणी सांगितलं? डॉक्टरनं चष्मा पुसला आणि डाव्या डोळ्याची तारीख दिली.

कुणाजवळ खरं उत्तर असेल तर लिहा. नसेल तर उगाच "आजी, काळजी घ्या" लिहू नका.