जोड दिसता कामा नये

अकोल्याच्या जुन्या शहरात माझी एडिटिंगची खोली आहे. लग्नं, बारशी, क्लासच्या जाहिराती, सोयाबीनच्या बियाण्याचे व्हिडिओ, दोन लघुपट. मी काहीही कापतो. एकच उमेदवार मी तीन पक्षांसाठी कापला आहे. हसू तेच ठेवलं, दुपट्ट्याचा रंग तेवढा बदलला.

ही विद्या मामाची. मामा अकोटच्या टॉकीजमध्ये ऑपरेटर होता. रीळ तुटलं की दोन्ही टोकं ब्लेडने खरवडून चिकटवायचा आणि म्हणायचा, "जोड दिसला का कारागीर मेला समज." त्या एका वाक्यावर माझं घर चाललं आहे.

गेल्या वर्षी दर्यापूरला बहिणीचं लग्न झालं. सगळ्यांना फेटे बांधले, मामाला बांधायचा राहिला. नवरीच्या सख्ख्या मामाला! मामा भर मांडवात आईला नाही नाही ते बोलला आणि न जेवता एसटीने अकोटला निघून गेला. आई आठ दिवस धुमसली. मग मला म्हणाली, "त्याले फिल्ममधून काढून टाक. माह्या पोरीच्या लग्नात थो नवताच."

मी नाही म्हणायला हवं होतं. पण खरं सांगतो, मला हे जमतं का ते पाहायचं होतं. मामा शोधायला सोपा होता. बिनफेट्याचा तो एकटाच. दोन दिवसांत संपला.

भाऊबीजेला मामा आपणहून आला. आईने ओवाळलं, दोघं रडली, आणि त्या भरात ती म्हणाली, "पोरानं लग्नाची फिल्म बनवली, पाह्य ना." आपण काय काढायला लावलं होतं ते ती साफ विसरली होती. मी म्हणालो, टीव्हीची वायर सापडत नाही. आईला ती लगेच सापडली.

मामाने चष्मा लावून सगळी फिल्म पाहिली. मध्येच आईला आठवलं असावं. ती उठून स्वयंपाकघरात गेली ती आलीच नाही. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं.

"जोड कोठीच दिसत नाही," मामा म्हणाला. "शिकला तू." मग चष्मा काढून पुसत बसला.

"अंतरपाटाच्या वक्ती पोरीच्या खांद्यावर माहा हात राह्यला तेवढा. थोही काढून टाकजो."