पाठमोरा बोका

आमच्या घरात रुसण्याचे नियम आहेत. कुणी लिहून ठेवलेले नाहीत, पण सगळ्यांना तोंडपाठ आहेत. रुसलेल्या माणसाकडे पहिल्या दिवशी बघायचंच नाही. दुसऱ्या दिवशी त्याच्या आवडीचं काहीतरी करायचं, ताट समोर ठेवायचं आणि निघून जायचं. "काय झालं?" हे विचारायचं नाही म्हणजे नाही. विचारलं की माणूस आणखी चढून बसतो, असं बाबांचं मत. ते स्वतः एकदा टीव्हीच्या रिमोटवरून तीन दिवस रुसले होते. माझा नवरा बिचारा न रुसणाऱ्या घरातला. लग्नानंतर मी पहिल्यांदा तोंड फिरवून बसले तेव्हा तो घाबरून मला डॉक्टरकडे न्यायला निघाला होता. आम्ही सगळे काय हसलो होतो त्याला!

आई गेली तीसुद्धा रुसलेली असतानाच.

तेव्हा लालबागची खोली सोडून आई-बाबा आमच्याकडे, शांती नगरला राहायला येऊन वर्ष झालं होतं. पाहुण्यांसमोर बाबांनी आमटीला नावं ठेवली, एवढंच निमित्त. दोन दिवस आई स्वयंपाकघरात पाटावर, सिलिंडरकडे तोंड करून, आमच्याकडे पाठ करून बसली होती. तिसऱ्या दिवशी सकाळी दूध तापवता तापवता कोसळली. हार्ट. हॉस्पिटलात विचारलं, "आधी काही त्रास होत होता का?" मी म्हटलं, "छे, काही नाही." त्यानंतर बाबा कुणाशी धड बोलले नाहीत. एकदाच मला म्हणाले, "माझ्यावर रुसूनच गेली गं ती." मी चहा टाकायला उठले.

मग काही महिन्यांनी बोका आला. उत्तनहून टोपली घेऊन मासेवाली मावशी दर रविवारी आमच्या गेटवर बसते, तिच्या टोपलीभोवती घुटमळणारं ते पिवळं-पांढरं हाडकुळं पिल्लू बाबांच्या पायात पायात करत थेट दुसऱ्या मजल्यावर आलं. त्याला आम्ही नाव ठेवलं नाही. बाबा "मेल्या" म्हणत आणि तो ओ देत असे, प्रश्नच मिटला. आणि बाबा बोलायला लागले. आमच्याशी नव्हे, त्याच्याशी. पण घरात आवाज आला त्यांचा.

बाबांनी त्या बोक्याचा असा काही अभ्यास केला की विचारू नका. नोकरीत असताना रजिस्टरं लिहायचे तसं सगळं टिपत असत, फक्त डोक्यात. शेपूट झेंड्यासारखं वर आणि टोकाला जरा वाकलेलं, म्हणजे स्वारी खुशीत. आपल्याकडे बघून डोळे सावकाश मिटले आणि सावकाश उघडले, तर ते त्याचं प्रेम. आपणही तसंच करून दाखवायचं. बाबा करायचेही. आरामखुर्चीत बसून म्हातारा आणि बोका एकमेकांना डोळे मिचकावतायत, हे दृश्य मी रोज बघत होते. माझा नवरा लहानपणापासून कुत्रीवाला. बोका शेपूट आपटत होता तर हा म्हणाला, "बघ, किती खूश झाला मला बघून," आणि हात घातला पोटाला. मनगटावर चार ओरखडे. बाबा म्हणाले, "अहो जावईबापू, ते शेपूट हलवणं नाही, ती धमकी होती." मला वाटायचं, या घरात मांजराची भाषा कळत नाही असं कुणी उरलेलंच नाही.

आणि मला एक भीती होती, ती मी कुणाला बोलले नव्हते. बोका गेला तर बाबाही जातील. खिडकीची जाळी मी दिवसातून दोनदा तपासायचे, ती त्यासाठी.

मागच्या उन्हाळ्यात एका गुरुवारी मी त्याची गादी धुवायला काढली. गादी म्हणजे आईच्या जुन्या नऊवारीची घडी, बाबांनी त्याला दिलेली. वास मारत होती म्हणून सरळ मशीनमध्ये टाकली. शुक्रवारी सकाळी बघते तर बोका कपाटाशेजारच्या कोपऱ्यात, भिंतीकडे तोंड करून, आमच्याकडे पाठ.

"झालं!" मुलगी टाळ्या पिटत म्हणाली. "आई, रुसला तो तुझ्यावर!"

काय हसलो आम्ही. आमच्याच घरातला की नाही, रुसणार नाही तर काय. नियमच लागू केले. पहिल्या दिवशी कुणी बघायचं नाही. तो उठून वाळूच्या टबात जाई, उकर उकर उकरी, काही न करता परत येऊन बसे. पुन्हा जाई. "राग काढतोय वाळूवर," बाबा म्हणाले. मी उचलायला गेले तर गुरगुरला. "तुझं तोंडही बघायचं नाहीये त्याला," नवरा म्हणाला.

शनिवारी, नियमाप्रमाणे, आवडीचं. तळलेली मांदेली. ताटली समोर ठेवून आम्ही निघून गेलो. संध्याकाळी मांदेली तशीच, आणि त्यांना मुंग्या. मी ओणवून त्याच्याकडे नीट बघितलं. चारही पाय पोटाखाली ओढून घेतलेले, पाठ कमानीसारखी वर, मान खाली. कान आडवे पडलेले. डोळे अर्धवट मिटलेले, पण ते प्रेमाचं मिटणं नव्हतं. कुणी जोरात चिमटा काढल्यावर आपण मिटतो तसे. शेपूट अंगाभोवती घट्ट आवळलेलं. हे सगळं मी बघितलं, बरं का. बघून उठले. कारण बाबांनी लांबूनच हात पुढे केला आणि तो घुरघुरायला लागला. मांजर खुशीत असलं की घुरघुरतं, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक.

"उतरला राग," बाबा म्हणाले. जीव भांड्यात पडला माझा. त्या दिवशी मी पोटभर जेवले, ही गोष्ट मला अजून छळते.

रविवारी सकाळी बाबा पिशवी घेऊन खाली गेले. मावशीने टोपलीवरचं फडकं बाजूला करता करता विचारलं, "बोका न्हाय आला बाबा तुमचा?"

"रुसलाय," बाबा हसून म्हणाले. मी भाजी घेऊन परत आले होते, शेजारीच उभी होते. "दोन दिवस माशाला तोंड लावत नाही."

मावशीचा हात थांबला. "मावऱ्याला तोंड लावत न्हाय? मांजर?" ती बाबांकडे न बघता माझ्याकडे बघायला लागली. "रुसवा मानसाचा. मांजर मावरं सोडत न्हाय बाय. दुखतंय त्याला. उचल नि ने."

भाजीची पिशवी वॉचमनच्या खुर्चीवर टाकून मी जिन्याने धावत सुटले.

बोका टबात होता. उकरत नव्हता, नुसता वाकून बसला होता आणि तोंडातून एक आवाज काढत होता, मांजराचा नव्हे, बारक्या बाळाचा. वाळू कोरडी होती. मी हाताने चाचपली, सगळी कोरडी. रविवार! एक दवाखाना फोन उचलेना, दुसरा म्हणाला उद्या आणा. तिसरा पूनम सागर भागातला, त्याने सांगितलं, "अभी के अभी लेके आओ, रुको मत."

मुलीच्या शाळेच्या बॅगेतली पुस्तकं ओतून त्यात त्याला घातलं. रिक्षात बॅग बाबांच्या मांडीवर. सिग्नलला रिक्षा थांबली आणि बॅगेतून घुरघुर ऐकू आली.

"बघ, बरा आहे," बाबा म्हणाले. त्यांच्या ओठांना रंग नव्हता. "बरा असल्याशिवाय कोण घुरघुरतंय?"

मी रिक्षावाल्याला ओरडले, "भैया, चलाओ ना!" सिग्नल लाल होता, तो तरी काय करणार. पण मला तेव्हा कुणाला तरी ओरडायचंच होतं.

डॉक्टर पोरगेलासा, आमच्याशी हिंदी-मराठी मिसळून आणि बोक्याशी नुसत्या मराठीत बोलणारा. त्याने पोटाला हात लावला मात्र, आणि हसायचा थांबला. लघवीची वाट बंद झाली होती. पोट दगडासारखं. भूल देऊन नळी घालावी लागेल, म्हणाला. एवढा वेळ तुंबल्यामुळे विष रक्तात जातं आणि हृदयावर येतं, भुलीत काहीही होऊ शकतं. सही करा.

"पण तो आत्ता घुरघुरत होता," बाबा म्हणाले.

"दर्द में भी करते हैं, अंकल. डर में भी. खुद को संभालने के लिए." मग त्याने मला विचारलं, असा पाठ करून, अंग आक्रसून कधीपासून बसलाय?

"परवापासून," मी म्हटलं. "आम्हाला वाटलं... रुसलाय."

तो रागावला नाही, हेच वाईट झालं. शांतपणे म्हणाला, "रूठा नहीं था. मांजर दुखणं दाखवत नाही. भिंतीकडे तोंड करतं, अंग आवळून घेतं, खाणं सोडतं. आपल्याला वाटतं राग आलाय. वो दर्द होता है."

मी सही केली. पेन टेबलावर ठेवताना सहज बाबांकडे बघितलं. ते डॉक्टरकडे बघत नव्हते. भिंतीकडे बघत होते. माझ्या डोळ्यांसमोर काय आलं ते मला माहीत होतं: पाट, सिलिंडर, आईची पाठ. मे महिन्यात अंगाभोवती घट्ट आवळून घेतलेला पदर. पोटाशी धरलेला डावा हात. दोन घास खाऊन सरकवलेलं ताट. बाबांच्या डोळ्यांसमोर तेच आलं असेल का? देवा, नको. एवढं नको. बोक्याचं काय व्हायचं ते होवो, पण हे यांना कळू नये. खरंच असं आलं मनात. इतका वेळ ज्याच्यासाठी धावत होते त्याला मी एका क्षणात सोडून दिलं.

बाहेर बाकावर बसलो. मी बडबडत सुटले. रिक्षाचं भाडं, मुलीची परीक्षा, गेटवर विसरलेली भाजी, काय वाटेल ते. बाबांच्या डोक्यात एक क्षणही मोकळा जाऊ द्यायचा नव्हता मला. ते हं हं करत होते. आतून काही आवाज येत नव्हता. दार उघडलं की मी दचकायचे आणि दर वेळी ती मदतनीस बाईच असायची, हातात काहीतरी घेऊन जाणारी. दोनदा मला वाटलं की ती मुद्दाम आमच्याकडे बघत नाहीये.

शेवटी डॉक्टर आला. मास्क खाली केला. "लघवी सुरू झाली. हृदय धरून आहे. दोन-तीन दिवस इथेच राहू दे." उद्यापर्यंत थांबला असतात तर आणू नका म्हटलं असतं, असंही म्हणाला. मी रडले. बाबा रडले नाहीत. त्यांनी काचेतून बोक्याकडे बघितलं, डोळे सावकाश मिटले, सावकाश उघडले. तो भुलीत होता, त्याला काय दिसणार.

परत येताना रिक्षात रिकामी बॅग बाबांच्या मांडीवर होती. शांती नगरचं वळण आलं तेव्हा ते म्हणाले,

"ती रुसली नव्हती गं."

मी म्हटलं, "बाबा, नका ना."

"तीन वर्षं मला वाटत होतं, रागावून गेली माझ्यावर. आमटीवरून." ते बॅगेची चेन लावत होते, उघडत होते. "रागावली नव्हती. दुखत होतं तिला. चार पावलांवर बसलो होतो मी. पेपर वाचत."

"मीही होते," मी म्हटलं. "मीच तर ताट ठेवून निघून गेले होते." हे मी तीन वर्षांत कुणालाच सांगितलं नव्हतं. स्वतःलाही नाही.

रिक्षावाल्याने गेटवर थांबवून दोनदा विचारलं, "उतरना है ना?" तेव्हा आम्ही उतरलो.

बोका चौथ्या दिवशी घरी आला. आता त्याला औषधाचं खाणं असतं आणि तो ते तोंड वाकडं करून खातो. बाबा दिवसातून चारदा टबातली वाळू हाताने चाचपून बघतात. त्यांना काही झालं नाही, ते गेले नाहीत. माझी भीती मात्र गेली नाही, उलट पसरली. घरात कुणी पाचच मिनिटं गप्प बसलं की मी उठून त्याचा चेहरा बघून येते. आमचे रुसण्याचे नियम कुणी रद्द केले नाहीत. ते पाळायची हिंमत कुणात उरली नाही, इतकंच.

परवा नवऱ्याशी माझं वाजलं. कशावरून ते सोडा, चूक त्याचीच होती. मी तणतणत स्वयंपाकघरात गेले आणि सवयीने पाटावर बसले, सिलिंडरकडे तोंड करून. मग मागे पावलं वाजली. सावकाश, गुडघे सांभाळत, बाबा माझ्याजवळ फरशीवर बसले. शहात्तर वर्षांचा माणूस. बोकाही आला मागोमाग.

"रुसलीस," त्यांनी विचारलं, "की दुखतंय?"

"रुसलेय," मी म्हटलं.

"नक्की?"

"नक्की, बाबा."

"डावा हात वर करून दाखव."

मी केला. पूर्ण वर. त्यांनी तो बघितला, मग माझ्या तोंडाकडे बघितलं, आणि म्हणाले, "आता दुसऱ्यांदा कर."