झरा नव्हे, झिरा

मी आमच्या वस्तीवरचा पहिला पदवीधर. निकाल लागला त्या उन्हाळ्यात माझे थोरले चुलते, ज्यांना सगळे आबा म्हणायचे, मला बारामतीच्या कोर्टात सोबत नेऊ लागले. "शिकलाईस न्हवं? मग वकील काय बोलतो ते मला नीट सांगायचं," एवढंच त्यांचं म्हणणं. ज्या माणसाने मला शिकवलं, त्याच्या उपयोगी पडायची ती पहिलीच वेळ होती.

आमची बौद्ध वस्ती नीरेच्या काठाला, गावापासून लांब. आजोबांच्या काळात गावच्या विहिरीवर आम्हाला मज्जाव होता, म्हणून पाणी नदीचं. उन्हाळ्यात नदी आटली की वाळूत हातभर खड्डा उकरायचा. कडांतून पाणी पाझरून साचतं, तो झिरा. पहिलं गढूळ पाणी फेकायचं, मग वाटीवाटीने घागर भरायची. पुढे विहीर सर्वांना मोकळी झाली, पण उन्हाळ्यात ती तळ गाठायची. झिऱ्याने मात्र कधी दगा दिला नव्हता.

त्या वर्षी वाळूवाले आले. त्यांनी लिलावात घेतलेला पट्टा पुलाच्या खालच्या अंगाचा होता. तिथली वाळू सरत आली तसे त्यांचे ट्रॅक्टर वर, आमच्या पाणवठ्याकडे सरकले. आबा आडवे गेले.

"आबा, नदी काय तुमच्या सातबाऱ्यावर हाय व्हय?" मुकादम म्हणाला.

"न्हाय बा. तुझ्या तरी कुठं हाय?"

"मग जावा की कोर्टात!"

"जातो की," आबा म्हणाले. मजूर हसले. आबा दुसऱ्या दिवशी पहिल्या एसटीने बारामतीला गेले.

आमचे वकील शहरात नळाच्या पाण्यावर वाढलेले. आबांचं बोलणं ते मध्ये न तोडता ऐकायचे. तरीही दाव्यात झिऱ्याचा झरा झाला. सुनावणीला समोरचे वकील उठले आणि म्हणाले, "साहेब, इथे झरा असल्याची कुठेही नोंद नाही. कोरड्या नदीत झरा येणार कुठून? हा दावाच खोटा आहे."

मागच्या बाकावरून आबा ताडकन उभे राहिले. "झरा न्हाय ओ, झिरा! झिरा!"

कोर्टात हशा पिकला. शिपायाने त्यांना खाली बसवलं. वाळूउपशावर आम्ही मागितलेली तूर्तातूर्त मनाई आज नाकारली गेली, तर निकाल लागेपर्यंत नदीत वाळूच उरणार नव्हती, आणि वाळू नाही तर पाणी नाही.

आमचे वकील उठले. टायपिस्टवर ढकलून ते मोकळे होऊ शकले असते. "साहेब, शब्द माझा चुकला," ते म्हणाले. "माझ्या अशिलाने झिराच सांगितलं होतं. मला तो शब्द माहीत नव्हता, मी झरा समजलो. चूक माझी आहे. त्यांचं पाणी खोटं नाही." मग त्यांनी दुरुस्तीची परवानगी मागितली आणि जागेची पाहणी करायला कोर्ट कमिशनर नेमावा असा अर्ज केला. वाळू उपसलेल्या आणि न उपसलेल्या, दोन्ही ठिकाणी खड्डा घेऊन बघावा, ही त्यांचीच सूचना. न्यायाधीशांनी ती मान्य केली.

भरल्या कोर्टात काळा कोट घातलेला माणूस आपल्या अडाणी अशिलासमोर चूक कबूल करतो, हे मी कॉलेजच्या सगळ्या वर्षांत कुठे पाहिलं नव्हतं. बाहेर आल्यावर ते आबांना म्हणाले, "आता झिरा मला पहिल्यापासून समजावून सांगा."

"तुमी नळवालं, सायेब. तुमचं चुकणारच," आबा म्हणाले, आणि दोघंही हसले.

कमिशनर म्हणून एक तरुण वकील आले. मुकादमाने आदल्या दिवशीच ट्रॅक्टरला फळी लावून पाणवठा सपाट करून टाकला होता. "कुठंय यांचा झिरा?" तो कमिशनरांना विचारू लागला.

आई खाली बसली आणि हातांनी वाळू उकरू लागली. कोपरापर्यंत हात गेला आणि पाणी आलं. गढूळ पाणी तिने फेकलं, थोडं थांबली, आणि निवळशंख पाण्याची वाटी कमिशनरांपुढे धरली.

"बाईनं पाणी आदीच वतून ठिवलं आसंल," मुकादम म्हणाला.

"मग वरच्या कोरड्या वाळूत तू वत की. बघू किती येळ ऱ्हातंय," आई म्हणाली.

उपसलेल्या जागी वाळू जाऊन खालची चिकणमाती उघडी पडली होती. तिथला खड्डा आम्ही निघेपर्यंत कोरडाच राहिला. कमिशनरांनी दोन्ही खड्डे पाहून अहवाल दिला.

मनाई हुकूम झाला. त्याची नक्कल घेऊन आम्ही नदीवर पोचलो तेव्हा वाळू भरणं चालूच होतं. मुकादमाने कागद वाचला, आणि पुन्हा वाचला.

"मागं घ्या रं," तो ओरडला.

ट्रॅक्टर वळून पुलाकडे गेले. धूळ खाली बसायची वाट न बघता आई आणि वस्तीवरच्या बायका घागरी घेऊन पात्रात उतरल्या.