मामांच्या नावावरच्या फायली

मक्तेदारी मोडायला सरकारनं काय केलं आणि काय करतो म्हणून नुसतं सांगितलं, याचा इतिहास मामा जन्मभर लिहीत होते. पुस्तक काही झालं नाही, वैर मात्र भरपूर झालं. माणूसच खवट. चहात साखर कमी पडली, तर साखरवाल्यांनी संगनमतानं भाव कसे चढवले तिथून सुरुवात.

जुन्या चौकशी आयोगाच्या फायली अभिलेखागारात त्यांच्या नावावर राखीव होत्या. दर महिन्याला सही केली, की त्या दुसऱ्या कुणाला मिळत नसत. मामा सही ठोकायचे आणि फायलींकडे ढुंकूनही न बघता परत यायचे.

भाचीचा प्रबंध काडेपेटीच्या कारखान्यांवर होता. आयोगापुढच्या त्यांच्या सुनावणीची फाईल वाचल्याशिवाय शेवटचं प्रकरण होईना, आणि विद्यापीठाची मुदत संपत आलेली.

"मामा, आठवडाभर तरी सोडा ती फाईल."

"आधी माझं पुस्तक येऊ दे."

"तोवर माझे केस पिकतील."

"पिकू देत. थोडी अक्कल येईल."

"व्यापाऱ्यानं माल असा दाबून ठेवला तर तुम्ही पानंच्या पानं लिहिता त्याच्यावर!"

"आयत्या बिळात शिरायला आलीस, वर मलाच शिकवतेस? चालती हो!"

मामींनी आणलेला चहा तसाच टाकून ती गेली.

पुढच्या सहीच्या आधी मामा न्हाणीघरात घसरले. पाय प्लास्टरमध्ये. मामींना पाठवणं भाग होतं. शब्दांच्या फटीतून कंपन्या कशा निसटतात हे मामांनी उभं आयुष्य पाहिलेलं. कारकुनाला फट सापडू नये म्हणून अधिकारपत्रात लिहिलं, 'या फायलींबाबत पत्नी करेल ती कोणतीही सही माझीच समजावी.'

मामींनी ते अभिलेखागाराच्या खिडकीवर कारकुनाला वाचायला दिलं.

"राखून ठेवायच्या ना, बाई?"

"सोडायच्या. सगळ्या. कुठं करू सही?"

बाहेर येऊन त्यांनी भाचीला फोन लावला. "उद्या दार उघडायच्या आत जाऊन उभी राहा. मागाहून रडत येऊ नकोस."

दुसऱ्या दिवशी जेवताना मामांनी विचारलं, "सही व्यवस्थित केलीस ना?"

"केली. फायली सोडल्या."

घास हातातच राहिला. "वैरीण आहेस तू! काठी दे माझी, आत्ता जातो!"

मामींनी काठी आणून हातात दिली. "जा. जिना तेवढा सांभाळा."

मामा दारापर्यंतही पोचले नाहीत. मग शिव्या घालत भाचीला फोनावर फोन लावत बसले. तिकडे वाचनकक्षात मोबाईल दाराशीच जमा करून घेतात.