समुद्रात जाणारी पाठमोरी बाई

एका सिनेमाचा शेवट मी कापून टाकला आणि वर ऑफिसात पेढे वाटले. वय अठ्ठावीस. जुन्या फिल्म तपासून जोडायची नोकरी नवी, अक्कल त्याहून नवी.

सिनेमा दोन महायुद्धांच्या मधला. एक हेर बाई शत्रूच्याच अधिकाऱ्याच्या प्रेमात पडते. इंग्रजांच्या सेन्सॉरने प्रेमाचे प्रसंग उडवले. मग निर्मात्याने पॅच लावला, म्हणजे नवा तुकडा चित्रित करून जोडला: बाई पस्तावते आणि समुद्रात चालत जाते. पुढे आमच्या संग्रहालयाला ते उडवलेले प्रसंग सापडले. मी ते परत जोडले आणि पॅच उपटला. खोटा शेवट म्हणे!

गेल्या वर्षी तोच सिनेमा इथे डहाणूला, शाळेच्या हॉलमध्ये दाखवला. मी ऐटीत पहिल्या रांगेत. दिवे लागले तशी लक्षीबाई उठली. सिनेमाचं नाव ऐकून तलासरीहून एसटीने आलेली, ऐंशीची म्हातारी.

"माझी आय कुठंय?"

"कोण आय?"

"शेवटाला इथल्याच दर्यात जाते ती. हिरोईन पाण्यात जायला नाय बोलली. मग वाडीतल्या मजुरणीला तिचा झगा घातला. तीच माझी आय. तिचा फोटू नाय आमच्याकडं. एक पण नाय."

दुसऱ्या दिवशी सकाळीच संग्रहालयाला फोन लावला.

"मॅडम, डबा आहे. पण वर 'निरुपयोगी' लिहिलंय, नष्ट करायच्या यादीत गेलाय. अक्षर कुणाचं हो?"

"एका दीडशहाणीचं. हात लावू नका, मी येते."

फिल्म आकसली होती, कडा चिकटल्या होत्या. जेमतेम चाळीस सेकंद वाचले. ते स्कॅन केले, म्हणजे एकेका चौकटीचा फोटो काढून कॉम्प्युटरवर घेतला. लक्षीबाईच्या ओटीवर लॅपटॉप उघडला. पाठमोरी बाई पाण्यात शिरते. झगा आखूड. लाट अंगावर येते तशी ती दचकून मागे वळते आणि चक्क हसते. पस्तावलेली हेर, आणि हसतेय!

धडा एवढाच, की डब्यावर 'निरुपयोगी' लिहिण्याआधी आत कोण आहे ते विचारावं.

लक्षीबाईने तुकडा चार वेळा पाहिला. डोळे पुसले. मग माझ्याकडे वळून म्हणाली, "गोऱ्या सायबानं पण आयला नाय कापली. तू कापलीस. बस आता, चा पिऊन जा."