नसलेल्या फाईलने चालवलेली होडी

आमच्या चाळीत पाण्याच्या टाकीजवळ कोणीतरी दिसतं, असं मी लग्न होऊन आले तेव्हापासून ऐकतेय. एकदा बॅटरी घेऊन बघून आले — मांजर होतं. तेव्हा असल्या गोष्टींवर माझा किती विश्वास, ते समजून घ्या. तरीही हे लिहायला बसलेय. मधेमधे मुलीचं कौतुक जरा जास्त झालं तर चालवून घ्या... आई आहे मी.

लालबागला आमची जुनी चाळ. तळमजल्यावर, जिन्यासमोरच्या मोकळ्या जागेत चाळीचा गणपती बसतो. रांगा लावून बघायला येतात तसला नाही, घरगुतीच. पण देखावा म्हणजे आमच्या इभ्रतीचा प्रश्न. वर्षानुवर्षं मोटर लावून पुठ्ठ्याची होडी हलवायचे. गेल्या गणपतीत माझ्या सायलीने — ती कॉम्प्युटर इंजिनीअर आहे — प्रोजेक्टर लावून भिंतीवर समुद्र आणि होडी दाखवायचं ठरवलं. मंडळाचे अध्यक्ष भाऊ तयारच होईनात. शेवटी म्हणाले, एकदा जरी अडकलं तरी पुढच्या वर्षी मोटर परत, आणि देखावा मुलींच्या हातात नाही. माझं डोकंच फिरलं. सायली नुसती हसली.

मंडळाचा कॉम्प्युटर जुना. तापला की चित्र अडखळायचं. म्हणून तिने एक लायब्ररी फाईल लिहिली. लायब्ररी म्हणजे पुस्तकांची नव्हे, दुसरा प्रोग्रॅम जिच्याकडून काम करून घेतो अशी फाईल. कॉम्प्युटर तापायला लागला की ती लाटा संथ करणार, थंड झाला की पुन्हा वेग देणार. ती नसेल तर देखावा सुरूच होत नाही, 'फाईल सापडत नाही' असं येतं. हे तिने मला करून दाखवलं होतं.

चतुर्थीच्या सकाळी तिने खाली जाऊन जुनी फाईल काढून टाकली, सुधारलेली न्यायला वर आली... आणि मी तिला नारळ खवायला बसवलं.

संध्याकाळी भाऊंनी मेन स्विच चालू केला आणि कॉम्प्युटरबरोबर देखावा आपोआप सुरू झाला. आरतीला जिना, गॅलरी सगळं भरलं. उकाड्याने साडी पाठीला चिकटलेली. झांजांचा जोर वाढला तशा लाटा हळूहळू संथ झाल्या, होडी डुलत राहिली. माणसं प्रसाद घेऊन पांगली तसा लाटांनी पुन्हा वेग घेतला. एकदाही अडकलं नाही! मी भेटेल त्याला सांगत होते, माझ्या मुलीचं काम आहे.

वर आल्यावर सायलीने लॅपटॉप उघडला. नवी फाईल त्यातच होती, खाली टाकायची राहूनच गेली होती. आम्ही धावत खाली गेलो. तिने अख्खा कॉम्प्युटर धुंडाळला, फाईल कुठेच नाही. आणि भिंतीवर होडी चाललेली. तिने देखावा बंद करून परत लावला — 'फाईल सापडत नाही'. मी म्हटलं, जुनी कुठेतरी आत राहिली असेल. तर म्हणाली, दुपारभर मशीन बंद होतं, बंद केलं की मेमरीत काही राहत नाही.

मी तिला म्हटलं, गुपचूप टाक फाईल, कोणाला कळतंय. टाकली तिने. आणि सरळ भाऊंसमोर जाऊन उभी राहिली.

"भाऊ, आरतीला देखावा चालला तो माझ्या फाईलवर नाही चालला. ती इथे नव्हतीच. कसा चालला, मला माहीत नाही."

मला वाटलं, आता मोटर परत येणार.

भाऊ मूर्तीकडे वळले. मग म्हणाले, "मोटर दरवर्षी अडकायची गो. तेव्हा नाय आला तो कधी हात लावायला." आणि सायलीला म्हणाले, "पुढच्या वर्षी पण तूच कर."

सायलीने ऑफिसातल्या मित्रांना विचारलं, स्वतः पुन्हापुन्हा करून बघितलं. फाईल काढली की देखावा सुरू होत नाही, आजही. चाळीतले म्हणतात, बाप्पाने चालवलं. असेल. पण ती फाईल लिहिली होती माझ्या मुलीने... आणि ती तिथे नव्हती, हे सांगितलंही तिनेच.