कढईतलं कॉकटेल

आमच्या शिवणाच्या बाईंचे यजमान निवृत्त झाले आणि सगळ्यांत मोठी पंचाईत झाली ती बाईंची.

तिसऱ्या मजल्यावर बाईंच्या पुढच्या खोलीत सात मशिनं होती. रोज संध्याकाळी पाच ते सात आम्ही सातजणी तिथं शिवण शिकायला जायचो. बाईंचे यजमान, म्हणजे आमचे काका, एका मोठ्या हॉटेलात बारमन होते. एकतीस वर्षं ते दुपारी चारला कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून घराबाहेर पडत आले होते. त्यामुळे वर्गातल्या कुणीच त्यांना धड पाहिलं नव्हतं. आमच्या लेखी काका म्हणजे बाल्कनीत दोरीवर वाळणारे सहा पांढरे शर्ट.

निवृत्तीनंतरच्या पहिल्या सोमवारी पाच वाजता आम्ही वर्गात शिरलो, तर काका खिडकीजवळच्या खुर्चीत पेपर वाचत बसलेले. वाचत म्हणजे आपलं म्हणायचं. तासभर पान काही उलटलं नाही. त्यांच्यासमोर बोलायचं काय, म्हणून आम्ही सगळ्या गप्प. नुसती मशिनं खडखडत होती. मग काका उठले, माझ्यामागे येऊन उभे राहिले आणि अगदी हळू आवाजात म्हणाले, "ही डावी बाजू जरा झुकलीय का?"

कॉलर झुकली होती हे खरंच होतं. म्हणूनच मला जास्त राग आला.

तीन दिवस बाईंनी कळ काढली. चौथ्या दिवशी त्यांनी काकांच्या हातातला पेपर काढून घेतला आणि त्यांना स्वयंपाकघराच्या दारापर्यंत नेऊन सोडलं. "अहो, सात वाजेपर्यंत इथंच बसा. हवं तर काहीतरी करा, पण इथं करा."

स्वयंपाकघरात आजी होत्या. बाईंच्या आई, म्हणजे काकांच्या सासूबाई. वय ब्याऐंशी, दात सगळे स्वतःचे, आणि जावयाशी बोलणं कामापुरतं. त्याला कारण होतं. लग्न ठरवताना मधल्या माणसानं 'मुलगा हॉटेलात आहे' एवढंच सांगितलं होतं. हॉटेलात कुठं, हे आजींना कळलं लग्नानंतर चौथ्या महिन्यात. तेव्हापासून त्यांनी 'बार' हा शब्द तोंडातून काढला नाही. त्या म्हणायच्या 'तिकडचं'. 'तिकडची नोकरी', 'तिकडची माणसं'. नऊ वर्षांपूर्वी त्या लेकीकडे राहायला आल्या, पण जावई संध्याकाळी घरी नसायचा, त्यामुळे फारसं काही अडलं नाही. आता मात्र रोज दोन तास दोघं एकाच ओट्यापाशी.

काकांना नुसतं बसून राहणं जमायचं नाही आणि टीव्हीचा कंटाळा होता. पण एक गोष्ट त्यांच्या मनात वर्षानुवर्षं डाचत होती. बारमध्ये ते ग्लासापाठी एवढी मेहनत घ्यायचे. बर्फ ताजा, लिंबू हातानं पिळलेलं, संत्र्याची साल सुरीनं पातळ कापलेली. आणि त्या ग्लासाशेजारी वाटीत काय, तर पाकिटातले वातट खारे दाणे. "मला त्या वाटीची लाज वाटायची," ते एकदा आम्हाला म्हणाले. "जे ग्लासात आहे तेच दाण्यावर चढवलं तर?"

तर त्यांनी चढवायला घेतलं.

पहिला प्रयोग फसला, आणि चांगलाच फसला. शेंगदाणे, साखर, लिंबू, थोडी रम आणि पुदिना. साखर विरघळली, घट्ट झाली, आणि अर्धा किलो दाण्यांचा एकच एक हिरवट दगड झाला. आजींनी तो उचलून पाहिला, ओट्यावर ठेवला, आतून वरवंटा आणला आणि एक शब्दही न बोलता दोन घाव घातले. पुढच्या खोलीत आम्हाला वाटलं भांड्यांची मांडणी कोसळली.

दुसरा प्रयोग त्याच्या उलट. दाणे सुटे झाले, पण चिकट. तरी चव बरी होती, म्हणून बाईंनी एक वाटी तळमजल्यावर दातांच्या डॉक्टरीणबाईंना पाठवली. दुसऱ्या दिवशी त्या स्वतः वर आल्या. एका हातात रिकामी वाटी, दुसऱ्या हातात कागदी रुमालात गुंडाळलेली त्यांच्याच दाढेची कॅप.

"हे काय होतं?" त्यांनी विचारलं.

"मोहितो. रम आणि पुदिन्याचं कॉकटेल असतं ना, ते," काका म्हणाले.

"वीस वर्षांत पहिल्यांदा मला दुसऱ्या डेंटिस्टच्या खुर्चीत आडवं व्हावं लागलं!"

काकांचा चेहरा पडला. ते माफी मागणार एवढ्यात डॉक्टरीणबाईंनीच विचारलं, "अजून आहेत का?" मग त्यांनी ओट्याला टेकून काकांचा वर्गच घेतला. चिकट पाक दाताचा वैरी, कुडकुडीत असेल तर चालेल. चावल्याबरोबर फुटला पाहिजे, ताणला जाता कामा नये.

त्या दिवसापासून काका पाकाच्या मागे हात धुऊन लागले. आधी बदाम किंवा दाणे मंद आचेवर कोरडेच भाजायचे. पाक वेगळा उकळायचा आणि त्याचा थेंब थंड पाण्यात टाकून बघायचा. थेंब मऊ राहिला तर अजून वेळ आहे, बोटांत काडकन मोडला तर झालं. दारू घालायची ती गॅस बंद करून, नाहीतर भडका; तोवर आजी दिवाबत्तीला देवापाशी गेलेल्या असायच्या. लिंबाची किंवा संत्र्याची साल सगळ्यांत शेवटी, नाहीतर कडू. मग लोणी लावलेल्या ताटावर सगळं पसरायचं आणि दोन काटे घेऊन एकेक बदाम पटापट सुटा करायचा. हे शेवटचं काम करताना काका इतके झरझर हात चालवायचे की आम्ही मशिनं थांबवून दारात उभ्या राहायचो. बाई ओरडायच्या, पण त्याही बघायच्या.

महिन्याभरानं एका गुरुवारी काकांनी व्हिस्कीचे बदाम केले. व्हिस्की, संत्र्याची साल आणि एका इवल्याशा बाटलीतल्या कडू अर्काचे चार थेंब. 'ओल्ड फॅशन्ड' म्हणून जुनं पेय आहे, त्याची ही चव, असं ते म्हणाले. वर्ग सुटता सुटता त्यांनी ताटली बाईंच्या पुढे धरली. बाई काज करत होत्या. त्यांनी एक बदाम तोंडात टाकला आणि सुई हातातच राहिली.

"हा वास," त्या म्हणाल्या. "तुमच्या शर्टाच्या कफला यायचा तो."

"संत्र्याची साल. वर पिळतो ना आम्ही, तेल उडतं तिचं."

"तीस वर्षं मी ते कफ धुतलेत. मला वाटायचं तिकडं साबणच तसला ठेवतात." बाईंनी दुसरा बदाम घेतला, सावकाश चावला. "रोज संध्याकाळी तुम्ही हे करत होतात?"

"हे नाही. हे ज्याच्यावरून केलंय, ते."

"कधी सांगितलं नाहीत."

"तू शिवणात असायचीस," काका म्हणाले. "आणि मी आलो की झोपलेली."

बाईंनी शेजारची खुर्ची ओढून काकांना बसायला दिली. पुढच्या खोलीत त्यांना बसायला मिळालं ते त्या चौथ्या दिवसानंतर पहिल्यांदाच.

इथवर सगळं छान चाललं होतं. मग एका संध्याकाळी आजींचा आवाज आला, आणि त्या आवाजानं सातही मशिनं थांबली.

"खरं सांगा. यात तिकडचं काही आहे?"

त्यांच्या तळहातावर तीन बदाम होते. काकांना सहज 'नाही' म्हणता आलं असतं. पण ग्लासात काय आहे हे त्यांनी आयुष्यात कुणापासून लपवलं नव्हतं. ते म्हणाले, "आहे. व्हिस्की. गरम पाकात बरीचशी उडून जाते, पण सगळी नाही जात."

"मग सांगितलं का नाहीत?"

"तुम्हाला दिलेच नव्हते मी, आई. डबा मुद्दाम वरच्या फळीवर ठेवला होता."

"फळीचं काय? मी स्टूल घेते," आजी म्हणाल्या, आणि मग आपण काय कबूल केलं हे ध्यानात येऊन आणखीच चिडल्या. चौकशीअंती कळलं की आठवडाभर त्या रोज दुपारी स्टूल घेत होत्या. ते तीन बदाम त्यांनी परत डब्यात टाकले, हात धुतले आणि बाल्कनीत जाऊन बसल्या. पाच ते सात ही वेळ त्यानंतर त्यांनी तिथंच घालवायला सुरुवात केली.

काकांना हे इतकं लागेल असं आम्हाला वाटलं नव्हतं. कढई तीच, बदाम तेच, पण ते मधेच हात थांबवून बाजूच्या, आजींच्या रिकाम्या पाटाकडे बघायचे. आजी बोलत नव्हत्या हे खरं, पण पाकाचा थेंब बोटात धरून मान हलवायच्या, नाक मुरडायच्या. काकांना त्याची सवय झाली होती.

मग त्यांनी एक वेगळाच घाट घातला. एक थेंबही दारू न घालता तीच चव आणायची. काळा कडक चहा आटवला. साखर जरा जळू दिली, म्हणजे व्हिस्की मुरते त्या पिंपाच्या लाकडाची आठवण यावी. दोन लवंगा, चिमूटभर मीठ, संत्र्याची साल. पहिल्यांदा नुसता चहा लागला. दुसऱ्यांदा खोकल्याचं औषध. डॉक्टरीणबाई रोज दवाखाना उघडायच्या आधी वर येऊन चव बघून जायच्या आणि मान हलवायच्या. अकराव्या दिवशी त्यांनी मान हलवली नाही, नुसता हात पुढे केला.

काका ताटली घेऊन बाल्कनीत गेले. "आई, यात तिकडचं काहीही नाही. चहा, साखर, संत्रं आणि लवंग. माझा शब्द."

आजींनी एक बदाम उचलला, उजेडात फिरवून पाहिला, खाल्ला. बराच वेळ चावला. मग म्हणाल्या, "लवंग जास्त झालीय. त्या दुसऱ्यांत नव्हती."

दुसऱ्या दिवशी पाच वाजता त्या पाटावर हजर.

पुढे काका एक डबा घेऊन हॉटेलातल्या जुन्या सोबत्यांना भेटायला गेले. आठवड्याच्या आत तिथल्या व्यवस्थापकांचा फोन आला की दर शनिवारी चार डबे हवेत. पहिल्या शनिवारी दुपारी बाई काकांबरोबर निघाल्या, मी डबे धरायला. जिन्यापाशी बघतो तर आजी चपला घालून उभ्या.

"मीही येते. बघू तरी."

बार उघडायला अजून दोन तास होते. खुर्च्या टेबलांवर उलट्या ठेवलेल्या, ग्लास रांगेनं टांगलेले, मोठ्या खिडकीतून ऊन आत आलेलं. आजींनी लाकडी काउंटरवरून बोट फिरवलं आणि बोट डोळ्यांजवळ नेऊन पाहिलं.

"हे पुसायचं कोण?"

"मीच. उघडताना आणि बंद करताना."

"मला वाटायचं इथं अंधार असेल. आणि शिव्या."

"असतात कधीकधी," काका म्हणाले.

तेवढ्यात आतून आताचे बारमन हात पुसत आले. "उस्ताद!" म्हणून त्यांनी काकांना मिठीच मारली. आजींना म्हणाले, "आम्हाला सगळ्यांना यांनीच तयार केलं. कुणाला जास्त झाली तर आधी पाणी पुढं करायचं, मग गाडी बोलवायची आणि माणूस गाडीत बसेपर्यंत दारात उभं राहायचं. हा यांचा नियम. अजून तोच चालतो."

आजींनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "बसते जरा." ती उंच खुर्ची! मी एका बाजूनं, बाई दुसऱ्या बाजूनं, असं करून आम्ही त्यांना वर चढवलं. पाय अधांतरी लोंबत होते. काका काउंटरच्या पलीकडे गेले, बाह्या दुमडल्या आणि लिंबू, आलं, साखर आणि बर्फ त्या चंदेरी भांड्यात घालून खांद्याजवळ असं काही खळखळवलं की बाई बघतच राहिल्या. त्यांनीही हे पहिल्यांदाच पाहिलं.

आजींनी घोट घेतला. "गोड कमी आहे."

काकांनी साखर घातली. आजींनी ग्लास संपवला, तोंड पुसलं आणि समोर बघत म्हणाल्या, "तेव्हा नीट सांगितलं असतं, तर मी लग्नाला नाही म्हटलं असतं."

काकांनी फडकं उचललं आणि पुसलेलंच काउंटर पुन्हा पुसायला घेतलं.

"बरं झालं नाही सांगितलं ते," आजी म्हणाल्या. "आता मला खाली उतरवा."

याला आता वर्ष होत आलं. शनिवारचे डबे चालू आहेत. दोन दारूचे, दोन आजींच्या देखरेखीखालचे, आणि हॉटेलातले लोक म्हणतात की आजींचे आधी संपतात. काकांना ते पटत नाही. सध्या दोघांचं अननस आणि खोबऱ्याच्या काजूंवरून जुंपलं आहे. काका म्हणतात अननसाचा रस आटवून पाकात घालावा. आजी म्हणतात अननस वाळवून त्याची पूड वरून भुरभुरावी, पाकाला पाणी कशाला पाजायचं? काल शेवटी दोन शेगड्यांवर दोन कढया चढल्या आणि निवाडा करायला आम्हा सातजणींना बोलावलं गेलं. आम्ही डोळे मिटून दोन्ही खाल्ले आणि हात वर केले. चार मतं आजींना, तीन काकांना.

"परत मोजा," काका म्हणाले.